चौसष्ट नंबरची जर्सी

रविवारी सकाळी नेदरलँड्समधल्या फेल्डहोवनच्या घरात प्रांजली बाथरूमचं दार आतून लावून बसली होती. घरात दुसरं कुणी नव्हतं, तरी तिने कडी घातली होती. हातातल्या पांढऱ्या पट्टीवर दोन रेघा उमटल्या होत्या. दुसरी पुसट होती, पण होती.

आनंद व्हायला हवा होता, पण आधी आली ती भीती.

याआधी तीनदा असं झालं होतं. पहिल्या वेळी तिने चिंचवडला आईला लगेच फोन केला, आईने सोसायटीभर पेढे वाटले, आणि पुढच्याच आठवड्यात सगळं संपलं. दुसऱ्या वेळी फक्त नणंदेला सांगितलं. तिसऱ्या वेळी इंजेक्शनं, तपासण्या, पोटावरचे काळेनिळे डाग असं सगळं करून दिवस राहिले तेव्हा तिने नि श्रीधरने तोंडातून अवाक्षर काढलं नव्हतं. तेही टिकलं नाही. त्यानंतर दोघांनी ठरवलं, आता पुरे. नवराबायकोने समोरासमोर बसून ठरवलेली ती शेवटची गोष्ट. मग घरात बोलणं उरलं ते भाजी काय आणायची आणि कचऱ्याचा डबा बाहेर कधी ठेवायचा एवढंच.

प्रांजली स्टॅटिस्टिक्समध्ये एम.एस्सी. झालेली. बोलून दाखवलं की हातचं जातं, हे खुळ्यासारखं आहे हे तिला कळत होतं. पण कळून काय उपयोग? तिच्या मनाने तशी गाठ मारली होती.

तरी श्रीधरला सांगावंसं वाटलं. तो चिप बनवणाऱ्या यंत्रांचा इंजिनियर, सध्या तैवानला एका नव्या यंत्राच्या जोडणीसाठी गेलेला. कामाच्या वेळी डोक्यापासून पायापर्यंत पांढरा सूट चढवून आत जायचं, फोन बाहेर लॉकरमध्ये. तिने दोनदा रिंग दिली. उचलला नाही. मेसेज लिहायला घेतला आणि पुसला.

तेवढ्यात खाली हॉर्न वाजला. फेमके आली होती. आज युट्रेख्टला मॅच होती.

फेमकेची नि तिची ओळख लायब्ररीतली. डच शिकायला येणाऱ्या परदेशी बायकांशी गप्पा मारायला फेमके दर बुधवारी तिथे यायची. एरवी ती प्राथमिक शाळेत खेळाची शिक्षिका. उंचीने दाराएवढी, आवाज मैदानावर कमावलेला. तिसरं मूल गेल्यावर प्रांजली लायब्ररीत येऊन नुसती बसून राहायची, क्रियापदं विचारली तरी उत्तर द्यायची नाही. फेमकेने काय झालं म्हणून विचारलं नाही. एके दिवशी म्हणाली, "तू कधी काही खेळली आहेस?"

"शाळेत कबड्डी," प्रांजली म्हणाली आणि कबड्डी म्हणजे काय ते मोडक्यातोडक्या डचमध्ये सांगितलं.

"म्हणजे समोरून येणाऱ्याला अडवायचं तुला माहीत आहे," फेमके म्हणाली. "शनिवारी माझ्याबरोबर ये."

अशी प्रांजली बायकांच्या अमेरिकन फुटबॉलच्या संघात येऊन पडली. हाडापेराने ती मोठीच होती. चिंचवडला स्थळं यायची तेव्हा याच अंगकाठीवरून नाकं मुरडली जायची. इथे कोच रॉयने तिला एकदा खालीवर पाहिलं आणि खूश होऊन चौसष्ट नंबरची जर्सी दिली.

श्रीधरला खेळ समजावताना तिने जेवणाच्या टेबलावर वाट्या मांडल्या होत्या.

"हे बघ, चेंडू पुढे फेकणार ती ही, मागची. क्वार्टरबॅक. तिच्यासमोर रांगेत आम्ही मधल्या पाचजणी. पलीकडच्या तिच्यावर धावून येतात, त्यांना आम्ही अडवायचं. आणि फेकलेला चेंडू पकडायचा तो रांगेच्या दोन टोकांना उभ्या असतात त्यांनी, नाहीतर मागच्यांनी. त्या पात्र. आम्ही मधल्या पाच अपात्र. पंचांना लांबून कळावं म्हणून आमच्या पाठीवर पन्नास ते एकोणऐंशीमधलाच नंबर असतो."

"आणि तुझ्या हातात चुकून आला तर?"

"मी पकडला तर ती पकड बाद. वर दंड. पलीकडच्यांपैकी कुणाचा हात त्याला आधी लागला असेल तरच चालतं, पण तसं कितीदा होणार?"

"आणि त्या पाचातली एखादी नसली तर?"

"तर दुसऱ्या कुणीतरी तसा नंबर घालून उभं राहायचं. तशा पाच रांगेत असल्याशिवाय डाव सुरूच करता येत नाही."

श्रीधरने वाटी उचलून आमटी वाढून घेतली. "म्हणजे मार तुम्ही खायचा आणि चेंडूला हातही लावायचा नाही. तुला नेमका हाच खेळ सापडला?"

चार वर्षं तिच्या शरीराची दर महिन्याला परीक्षा व्हायची आणि दर महिन्याला ते नापास व्हायचं. या मैदानावर त्या शरीराकडून कुणाला काही नको होतं. वाटेत उभं राहायचं आणि हलायचं नाही, बस्स. घरी आल्यावर खांदे ठणकायचे, आणि त्या रात्री तिला झोप लागायची.

गाडीत बसल्याबसल्या फेमके म्हणाली, "आज राष्ट्रीय संघाची निवड करणारे दोघे येणार आहेत. मला बघायला. रॉयला फोन आला होता."

प्रांजलीने पट्टा लावला. पट्टा पोटावर आला तसा तिने तो हळूच खाली सरकवला.

"या वर्षी नाही झालं तर मग नाहीच," फेमके रस्त्यावरची नजर न काढता बोलत होती. "गुडघा आणखी किती साथ देणार? एकोणिसाव्या वर्षापासून खेळते आहे मी. आई म्हणते, चेंडू पकडायचं वेड कुत्र्याला असतं." ती स्वतःशीच हसली. फेमके अठ्ठ्याऐंशी नंबर घालायची. रांगेच्या टोकाला उभी राहून आधी एखादीला धडक द्यायची आणि मग निसटून पुढे धावत जाऊन चेंडू पकडायची. तिच्या मोठ्या पंजात चेंडू आला की तो परत सुटायचा नाही.

"फेमके," प्रांजली म्हणाली.

"हं?"

हमरस्त्याच्या कडेने पाण्याचे पाट मागे जात होते. गाडीत दोघीच होत्या, एवढी निवांत जागा परत मिळणार नव्हती. प्रांजलीच्या जिभेवर शब्द आला आणि तिला आईचा पेढ्यांचा बॉक्स दिसला.

"काही नाही. खिडकी जरा उघडू?"

तिने मनाशी ठरवलं होतं की मैदानावर पोचल्यावर अंगात कणकण आहे म्हणायचं. राखीव म्हणून लिंडा असतेच, ती उभी राहील. आपण बाकावर बसायचं.

पण कपडे बदलायच्या खोलीत लिंडा नव्हतीच. आदल्या दिवशी तिचं बोट गाडीच्या दारात सापडलं होतं. रॉय दारात उभा राहून सांगत होता, "मधल्या बरोबर पाचच आहेत आज. कुणी आजारी पडायचं नाही, कुणी पाय मुरगाळायचा नाही. हा सामना हरलो तर पुढच्या वर्षी बायकांचा संघ ठेवायचा की नाही, हे क्लबची मंडळी ठरवणार आहेत. तुम्हाला माहीत आहे."

पोरी हसल्या, पायांना पट्ट्या गुंडाळायला लागल्या. प्रांजली चौसष्ट नंबरची जर्सी मांडीवर घेऊन बसली. तिच्या डोक्यात चक्र फिरायला लागलं. आपण नाही म्हटलं, तर ही जर्सी दुसऱ्या कुणाला तरी घालावी लागेल. बाकीच्या सगळ्या चणीने लहान, धावणाऱ्या. समोरच्या धिप्पाड बायकांना थोपवेल अशी संघात एकच होती. ती कोपऱ्यात वाकून बुटांच्या नाड्या बांधत होती आणि आज तिला बघायला माणसं येणार होती. चौसष्ट नंबर पाठीवर घेतला की फेमकेला दिवसभर एकही चेंडू पकडता येणार नाही.

प्रांजलीने जर्सी डोक्यातून घातली. वाटलं, कितीशी मोठी असेल ती गोष्ट आत्ता, तिळाएवढी. आतमध्ये सुरक्षित असेल. लगेच वाटलं, आपण हे कुणाशी बोलतोय, आणि कसल्या जिवावर?

मैदानावर वारा मोकाट सुटला होता. पलीकडच्या कठड्यापाशी नारिंगी जॅकेटातले दोघे, एक बाई नि एक पुरुष, उभे होते. फेमकेने एकदाच तिकडे पाहिलं.

पहिल्या डावाला प्रांजली रांगेत वाकली. समोर लाल हेल्मेटमधली एक दणकट मुलगी, तिच्या जाळीआडून श्वास ऐकू येत होता. चेंडू मागे गेला. एरवी या क्षणी प्रांजली विचार करायची नाही, दोन्ही हात पुढे जाऊन आदळायचे. आज हात पुढे गेलेच नाहीत. ते पोटावर आले. लाल हेल्मेटवाली तिच्या खांद्याला घासून निघून गेली, आणि मागे साने नावाची डच क्वार्टरबॅक चेंडू हातात धरून कुणाला द्यावा ते शोधत होती, तिच्यावर ती सगळ्या वजनानिशी जाऊन पडली.

साने उठली, पण वेळ लावून उठली. हेल्मेट काढून थुंकली. त्यात रक्त होतं.

"झोपली होतीस का?" कुणीतरी प्रांजलीवर ओरडलं.

दुसऱ्या डावाला तिने दात आवळले आणि पुढे झाली. लाल हेल्मेट बरगडीखाली येऊन धडकलं. दुखलं काहीच नाही. पण त्या धक्क्याने ती आतून इतकी हादरली की गवतावर गुडघे टेकून तशीच राहिली, उठताच येईना. सगळ्या गोल करून उभ्या राहिल्या तेव्हा फेमकेने तिच्या हेल्मेटची जाळी धरून तोंड वर केलं.

"काय झालंय?"

"काही नाही."

"तू रडते आहेस."

फेमकेने हात वर करून रॉयला खूण केली. त्याने वेळ थांबवून घेतली. तिने प्रांजलीला दंडाला धरून पाण्याच्या पेट्यांमागे नेलं.

"बोल."

प्रांजलीने मान हलवली. सानेला टॉवेल देत होते, ते तिला दिसत होतं. पुढच्या डावाला ती आणखी जोरात पडणार. आणि आपण परत हात पोटावरच ठेवणार. इकडे आड, तिकडे विहीर. मग तिने डोळे मिटून तो एक शब्द डचमधून उच्चारला. मराठीतून तो तिला उच्चारवलाच नसता.

फेमकेने ऐकलं. तिचा चेहरा आधी मऊ झाला. मग हळूहळू तिच्याही लक्षात आलं, पुढचं सगळं. तिने नारिंगी जॅकेटांकडे पाहिलं नाही, पण न पाहण्यासाठी तिला मान आवळून धरावी लागली हे प्रांजलीला दिसलं.

"किती वेळ झाला कळून?"

"सकाळी."

"सकाळी," फेमके म्हणाली. "तू गाडीत माझ्या शेजारी बसली होतीस."

"मला वाटलं, सांगितलं की..."

"काढ ती जर्सी."

"नको. फेमके, आज नको. मी उभी राहते. नुसती उभी राहते."

"आणि साने मरू दे? आणि ते?" तिने प्रांजलीच्या पोटाकडे बोट केलं आणि लगेच मागे घेतलं. "गाडीत सांगितलं असतंस तर मी दहा फोन केले असते. कुणीतरी मिळाली असती. काढ म्हणते ना."

खांद्यांच्या पॅडवरून प्रांजलीची जर्सी निघेना. फेमकेने ती ओढून काढली. स्वतःची अठ्ठ्याऐंशी नंबरची काढून गवतावर टाकली आणि चौसष्टात डोकं घातलं. ती तिला दंडात घट्ट झाली. ती पंचांकडे गेली, पाठ फिरवून नवा नंबर दाखवला. पंचाने कागदावर काहीतरी लिहून घेतलं आणि मान डोलावली. कठड्यापाशी नारिंगी जॅकेटवाल्या बाईने हातातल्या कागदात शोधलं, शेजारच्या माणसाला काहीतरी विचारलं. त्याने खांदे उडवले.

पुढचा सगळा वेळ प्रांजली अंगावर कुणाचा तरी कोट घेऊन रेघेबाहेर उभी होती. रॉयला फेमकेने काय सांगितलं कोण जाणे, त्याने प्रांजलीला एका शब्दाने विचारलं नाही. बाकीच्यांनाही धड काही कळलं नव्हतं. ही दोन डावांत कच खाऊन बाहेर आली, एवढंच त्यांनी पाहिलं होतं. कुणी तिच्याकडे बघत नव्हतं.

फेमके मात्र भिंतीसारखी उभी राहिली. लाल हेल्मेटवाली परत एकदाही सानेपर्यंत पोचली नाही. दर डावाला फेमके वाकायची, आदळायची, रेटायची, आणि चेंडू तिच्या डोक्यावरून दुसऱ्याच कुणाकडे जायचा. तिच्या जागी टोकाला उभ्या केलेल्या बारक्या मुलीच्या हातून तो तीनदा निसटला. तिसऱ्या वेळी फेमकेने जमिनीवर हात आपटला. नारिंगी जॅकेटवाले मध्यंतरानंतर कॉफी घेऊन परत आले, हे पाहून प्रांजलीला बरं वाटावं की वाईट, ते कळेना.

सामना संपत आला तेव्हा त्यांचा संघ चार गुणांनी मागे होता. शेवटचा डाव. गोलरेषा जवळ होती, तिच्या आत चेंडू पकडला की सहा गुण. चेंडू सानेच्या हातात आला, उजवीकडून दोघी तिच्यावर धावल्या, ती डावीकडे पळत सुटली. टोकाची बारकी मुलगी पडली होती. पुढे कुणीच मोकळं दिसेना. आणि तेवढ्यात प्रांजलीला दिसलं, फेमकेने समोरचीला आडवी केली, क्षणभर थांबली, आणि पुढे धावायला लागली. चौदा वर्षं तिचे पाय तेच करत आले होते, धडक दिली की पुढे धावायचं. सानेनेही कित्येक वर्षांच्या सवयीने तिकडेच पाहिलं, आणि फेकला.

"नको," प्रांजली मराठीत म्हणाली. शेजारी उभ्या असलेल्या मुलीने वळून पाहिलं.

फेमके हवेत उंच झाली आणि तो चेंडू तिने दोन्ही पंजांत घेतला. गोलरेषेच्या आत, पाठीवर पडली, चेंडू छातीशी. बाकावरच्या सगळ्या किंचाळत मैदानात धावल्या. साने गुडघ्यावर बसली. प्रांजली एकटीच जागची हलली नाही. तिने पंचाने टाकलेला दंडाचा पिवळा रुमाल हवेतून गवतावर पडताना पाहिला होता.

पंच मधे आला, दोन्ही हातांनी खुणा केल्या आणि नंबर सांगितला. चौसष्ट. अपात्र खेळाडूने चेंडू पकडला, पकड बाद. रॉय धावत गेला, चेंडूला पलीकडच्या कुणाचा हात लागला होता का, म्हणून विचारत राहिला. पंचाने मान हलवली. कुणाचाच लागला नव्हता. चेंडू स्वच्छ आला होता. वेळ संपलेली होती.

फेमके अजून गवतावरच पडून होती. चेंडू तिने सोडला नव्हता. मग कुणीतरी तिला सांगितलं असावं. तिने मान उचलून छातीवरचा नंबर पाहिला.

परतताना प्रांजली गाडीत खिडकीकडे तोंड करून बसली. निघायच्या आधी प्रांजली क्लबच्या स्वच्छतागृहात गेली होती आणि तिथे तिला रक्त दिसलं होतं. थोडंसं. पण त्या थोड्याचा अर्थ तिला तोंडपाठ होता. फेमकेला ते सांगायची तिला लाज वाटली. जिच्यासाठी त्या बाईने सगळं सोडलं ती गोष्ट संध्याकाळपर्यंतही टिकली नाही, हे कुठल्या तोंडाने सांगणार? गाडीतून उतरताना ती म्हणाली, "फेमके, आज तू..."

"आत्ता नको," फेमके म्हणाली. "घरी जा. झोप."

घरी येऊन तिने रविवारच्या दवाखान्याला फोन लावला. पलीकडच्या बाईचा आवाज शांत होता. दुखतंय का, फार जातंय का, ताप आहे का? नाही ना? मग विश्रांती घ्या, पॅरासिटामॉल घ्या, उद्या तुमच्या हाऊसआर्ट्सला, नेहमीच्या डॉक्टरांना, फोन करा. एवढ्या सुरुवातीच्या दिवसांत आम्ही काही करू शकत नाही, मेव्राऊ. प्रांजलीला हे माहीत होतं. या देशात नेहमी असंच सांगत आणि बहुतेक वेळा ते बरोबरही असे. तिने आभाराचं "दांक यू वेल" म्हणून फोन ठेवला आणि उशी तोंडात धरून ओरडली.

मग श्रीधरचा फोन आला. "अगं, दोनदा मिस कॉल होता. काय झालं?"

तिने सगळं एका दमात सांगितलं. रेघा, मॅच, धडक, रक्त. सांगत असतानाच तिला कळत होतं की आपण हे भलत्याच क्रमाने सांगतो आहोत.

तो म्हणाला, "तुला माहीत असून तू खेळायला गेलीस?"

"दोनच डाव."

"एक रविवार तुला घरी बसता नाही आलं, प्रांजली?"

"मी तुला फोन केला होता. तुझा फोन लॉकरमध्ये होता. प्रत्येक वेळी तुझा फोन लॉकरमध्येच असतो, श्रीधर."

तिने फोन कापला. मग पाच मिनिटांनी त्याने पुन्हा केला, आणि तिला ऐकू आलं की तो रडतो आहे. इतक्या वर्षांत तो तिच्यासमोर कधी रडला नव्हता. तिन्ही वेळा त्याने चहा करून दिला होता, गाडी चालवली होती, विम्याचे कागद भरले होते. "मी काय करू सांग," तो म्हणत होता. "मला इथून काय करता येईल ते सांग." तिने सांगितलं, ये. तो मिळालं ते विमान पकडून निघाला.

तो येईपर्यंतचे तास प्रांजलीने पलंगावर डाव्या कुशीवर काढले. उठलं की काहीतरी निसटेल असं वाटायचं. पाणी प्यायलाही ती उठेना. बाहेर सायकलवाटेवरून शाळेतली पोरं जात, त्यांच्या घंट्या ऐकू येत. तिने देवाला काही मागितलं नाही. तीनदा मागून झालं होतं. ती फक्त छताकडे बघून म्हणत राहिली, थांब. जरा थांब.

श्रीधर दाढी वाढलेला, बॅग दारातच टाकून आत आला आणि बुटांसकट तिच्याजवळ आडवा झाला. डॉक्टरांनी सोनोग्राफीची वेळ लगेच दिली, तरी ती लगेचची वेळ यायला पुढच्या आठवड्याचा शुक्रवार उजाडला.

अंधाऱ्या खोलीत सोनोग्राफी करणाऱ्या मुलीने यंत्र फिरवलं. ती बराच वेळ बोलली नाही. हे न बोलणं प्रांजलीला ओळखीचं होतं. याआधी प्रत्येक वेळी असाच पडद्याकडे बघणारा चेहरा आणि मग "आय अ‍ॅम सॉरी". तिने श्रीधरचा हात सोडून दिला, कारण तो दाबून धरलेला असताना ऐकायचं तिला नको होतं.

"हे बघा," मुलगी म्हणाली. पडद्यावर राखाडी काळोखात काहीतरी पांढरं लुकलुकत होतं. फार बारीक, फार भरभर.

रक्ताचं कारण वेगळंच होतं, आत एका बाजूला थोडं साकळलं होतं. धडकेने काही झालं नव्हतं, इतक्या लवकर गर्भाशय हाडांच्या आत असतं, तिथवर काही पोचत नाही, असं तिने समजावलं. पण हे टिकेलच असं नाही. दोन आठवड्यांनी परत या. त्या दोन आठवड्यांनंतर आणखी दोन, आणि मग आणखी. प्रत्येक वेळी प्रांजली मनाची तयारी करून जायची आणि प्रत्येक वेळी ते लुकलुकत असायचं. तिला विश्वास ठेवता येत नव्हता, आणि न ठेवणंही जमत नव्हतं.

फेमकेचा फोन आला नाही. प्रांजलीने पहिल्या सोनोग्राफीनंतर तिला मेसेज केला, तिने एक हृदय पाठवलं आणि गप्प झाली. बुधवारी लायब्ररीत ती दिसायची बंद झाली. बायकांचा संघ क्लबने बंद केला, हे प्रांजलीला संघाच्या ग्रुपवर कळलं. त्या ग्रुपवर तिने काही लिहिलं नाही.

ऑगस्टच्या शेवटी, पोट दिसायला लागलं तेव्हा, ती एका दुपारी न कळवता फेमकेच्या घरी गेली. फेमके मागच्या अंगणात शिडी धूत होती. तिने प्रांजलीकडे पाहिलं, नळ बंद केला, खुर्ची आणून दिली.

"त्यांचा फोन आला होता," फेमके म्हणाली. तिने प्रस्तावना केली नाही. "त्या नारिंगी जॅकेटवाल्यांचा. सामन्यानंतर आठवड्याभराने. त्यांना मी आवडले."

प्रांजली खुर्चीत पुढे सरकली. "मग?"

"गार्ड म्हणून. मधली. म्हणाले, तुझ्यासारखं अडवणारी आम्हाला हवीच होती. साठातला नंबर देणार होते." ती ओल्या हातांकडे बघत होती. "मी नाही म्हणाले."

"का?"

"कारण मला चेंडू पकडायचा होता. एवढंच. मोठ्या मनाची असते तर गेले असते. मला तसं खेळायचंच नव्हतं."

शेजारच्या अंगणात कुणीतरी गवत कापत होतं. प्रांजलीला माफी मागायची होती, पण ते शब्द फार हलके वाटायला लागले होते.

"मी रागावले होते," फेमके म्हणाली. "लोकांना सांगत होते की कुणाचा दोष नाही. पण मी तुझ्यावरच रागावले होते. तुझी जर्सी मला घ्यावी लागली म्हणून नाही. ती मी परत काढून घेईन. गाडीत तू बोलली नाहीस म्हणून."

"मी बोलले की जातं," प्रांजली म्हणाली. "प्रत्येक वेळी गेलं. आईला सांगितलं, गेलं. नणंदेला सांगितलं, गेलं. मला वाटलं तुला सांगितलं तर हेही जाईल. आणि नाही सांगितलं तर तुझी संधी जाईल. मी त्या गाडीत बसून कुठलं आधी जाऊ द्यायचं ते ठरवत होते, फेमके. आणि मला ठरवता आलं नाही. मग दोन्ही तुझ्यावर टाकलं."

हे तिने कधी कुणाला सांगितलं नव्हतं, श्रीधरलाही नाही. बोलताना तिचा आवाज चिरकला आणि मग थांबवताच येईना. ती त्या प्लास्टिकच्या खुर्चीत बसून ओक्साबोक्शी रडली. फेमके उठली नाही, जवळ आली नाही. नळाजवळच्या दगडावर बसून राहिली. प्रांजलीचं रडणं ओसरलं तेव्हा फेमकेचेही डोळे लाल होते.

"आता आईला सांगितलंस?" तिने विचारलं.

"नाही."

"पाचवा महिना असेल ना?"

"हो."

"तिला कधी सांगणार?"

फेमकेने हात पुसले, आत जाऊन दोन ग्लास पाणी घेऊन आली आणि खुर्ची ओढून तिच्या समोर बसली. म्हणाली, "मला तुमची भाषा येत नाही. मी नुसती बसते. तू लाव फोन."

चिंचवडला तेव्हा संध्याकाळ होत आली होती. आई देवापाशी दिवा लावून उठली असेल. प्रांजलीने नंबर काढला, बोट क्षणभर वर धरून ठेवलं आणि मग दाबलं. फेमके दुसरीकडे बघत होती. पलीकडे रिंग गेली, पहिली, दुसरी, आणि आईचा आवाज आला, "हॅलो, कोण, प्रांजू का गं? आज या वेळेला?"

"आई," ती म्हणाली, आणि तिला पुढचं वाक्य सापडेना. "आई, तू बसली आहेस ना? जरा बस. एक सांगायचंय."